पलटणीचा पगार आणि पैनगंगेची हद्द

मार्क्विस द बुसी या फ्रेंच सरदाराचा राजुऱ्याशी सरळ संबंध काही नाही. त्याचा सगळा वावर औरंगाबाद, हैदराबाद, मछलीपट्टण आणि पुदुच्चेरी इथला. पण वऱ्हाडाला खेटून असलेला आणि चांद्यापासून (आजच्या चंद्रपूरपासून) तासाभराच्या वाटेवरचा हा मराठी तालुका १९५६ पर्यंत हैदराबादच्या हद्दीत, तोही आदिलाबाद जिल्ह्यात, कसा राहिला हे शोधायला बसलं की दर टप्प्यावर एकच बाब समोर येते. कुणाच्या तरी पलटणीचा पगार थकलेला असतो आणि त्यापोटी कुणाचा तरी मुलूख लिहून दिलेला असतो. १९०२, १८५३, १८२३, १८००, १७६६ अशी वर्षं मागे टाकत गेलं, की आपण १७५३ च्या अखेरीस औरंगाबादेत पोचतो. निजामाच्या दरबारात बसून चार सरकारांचा, म्हणजे जिल्ह्यांचा, महसूल आपल्या फौजेसाठी लिहून घेणारा माणूस तिथे भेटतो. तो हा बुसी. मराठी कागदपत्रांतला मुसा बुसी.

राजुऱ्यात दर १७ सप्टेंबरला मुक्तिदिन साजरा होतो. रझाकारांच्या आठवणी निघतात, भाषणं होतात, ती व्हायलाच हवीत. पण निजामाच्या ज्या राज्यातून आपण मुक्त झालो, त्याची हद्द नेमकी पैनगंगेवर येऊन का थांबली होती, हा प्रश्न तिथे कुणी विचारत नाही. मला तो महत्त्वाचा वाटतो. त्याचं उत्तर शोधताना बुसीचं चरित्र वाचावं लागतं, आणि फ्रेंच व इंग्रज चरित्रकारांनी ते जसं वाचलं त्याहून निराळ्या रीतीने वाचावं लागतं.

आधी भूगोल. जुना राजुरा तालुका म्हणजे आजचे राजुरा, कोरपना आणि जिवती. उत्तरेला पैनगंगा, पूर्वेला वर्धा, दोघींचा संगम वढ्याला. पैनगंगेच्या पलीकडे वणी, म्हणजे वऱ्हाड. वर्धेच्या पलीकडे बल्लारपूर आणि चांदा, म्हणजे गोंड राजांचा, पुढे नागपूरकर भोसल्यांचा आणि नंतर इंग्रजांच्या मध्य प्रांताचा मुलूख. दक्षिणेला माणिकगडाचे डोंगर आणि त्यांच्याही पलीकडे तेलुगू गावं. अबुल फजलच्या ऐन-ए-अकबरीत वऱ्हाड सुभ्याच्या सरकारांत माणिकदुर्ग हे एक सरकार दिलेलं आहे. हा माणिकदुर्ग म्हणजे गडचांदूरजवळचा आपला माणिकगड. अकबराच्या हिशेबात हा भाग वऱ्हाडातच होता. मधल्या अडीचशे वर्षांत नद्या जागच्या हलल्या नाहीत, दोन्ही काठांची सोयरीक तुटली नाही, गोंड, कोलाम आणि कुणबी वस्त्या दोन्हीकडे तशाच राहिल्या. तरी वऱ्हाड एका राज्यात गेलं आणि राजुरा दुसऱ्यात राहिला.

आता बुसीकडे. चार्ल्स जोसेफ पातिसिए द बुसी १७२० च्या आसपास फ्रान्समधल्या एका लहान सरदार घराण्यात जन्मला. घराणं खानदानी, पण मोठी मिळकत मागे नसलेलं. अशा घरातल्या तरुणांना तेव्हा दोन वाटा असत, राजाचं सैन्य किंवा समुद्रापलीकडची कंपनी. बुसीने दुसरी धरली. मॉरिशसवरून ला बूर्दोनेच्या आरमाराबरोबर तो १७४६ मध्ये हिंदुस्थानात उतरला आणि पुदुच्चेरीत फ्रेंच गव्हर्नर डुप्लेच्या नजरेत भरला. १७५० च्या सप्टेंबरात त्याने जिंजीचा किल्ला एका रात्रीच्या हल्ल्यात घेतला. राजाराम महाराजांनी मोगलांना वर्षानुवर्षं झुंजवलं ती हीच जिंजी, म्हणून त्या रात्रीचं मोल मराठी वाचकाला वेगळं सांगायला नको.

१७५१ च्या सुरुवातीला नवा निजाम मुजफ्फर जंग याला दख्खनच्या गादीवर पोचवण्यासाठी बुसी निघाला. सोबत तीनशे गोरे शिपाई आणि दोनेक हजार देशी. मुजफ्फर जंग वाटेतच मारला गेला. दुसरा कुणी सेनापती असता तर तिथूनच माघारी फिरला असता. बुसीने त्याच छावणीत पहिल्या निजामाचा, निजामुल्मुल्काचा, एक मुलगा सलाबत जंग याला मसनदीवर बसवलं आणि जूनमध्ये त्याला घेऊन औरंगाबादेत प्रवेश केला. वर्ष संपायच्या आत पेशव्यांशी गाठ पडली. कुकडीच्या काठी चंद्रग्रहणाच्या रात्री त्याने नानासाहेबांच्या छावणीवर छापा घातला. पुढच्या वर्षी, नोव्हेंबर १७५२ मध्ये, भालकीला तह झाला आणि वऱ्हाडाच्या पश्चिमेचा, तापी-गोदावरीमधला मुलूख मराठ्यांकडे गेला. लढाईत वरचढ ठरलेल्या बाजूने तहात मुलूख सोडला, कारण बुसीला मराठ्यांशी कायमचं वैर परवडणारं नव्हतं. कुठे लढायचं आणि कुठे देऊन टाकायचं, ही जाण त्याच्या अंगी होती. ती नाकारण्यात अर्थ नाही.

सात वर्षं त्याने हा दरबार सांभाळला. मोठमोठ्या पदव्या मिळवल्या, हत्ती-निशाणांचा लवाजमा ठेवला, सलाबत जंगच्या भावांवर, दिवाणांवर, किल्लेदारांवर नजर ठेवली. १७५६ मध्ये सलाबत जंगने त्याला बरखास्त केलं, तेव्हा तो हैदराबादेतल्या चारमहाल बागेत मोर्चे बांधून बसला. मदत येईपर्यंत टिकला आणि पुन्हा पदावर आला. इतकं असूनही त्याचा सगळा डोलारा किती थोड्या माणसांवर उभा होता ते मे १७५८ मध्ये औरंगाबादेत कळलं. एकाच दिवशी त्याचा कारभारी हैदर जंग याचा सलाबत जंगचा भाऊ निजामअली याच्या डेऱ्यात खून झाला आणि त्या गोंधळात कैदेत असलेला माजी दिवाण शाहनवाज खान मारला गेला. हा शाहनवाज खान म्हणजे मोगल उमरावांची चरित्रं सांगणाऱ्या ‘मआसिर-उल-उमरा’चा कर्ता. त्याच उन्हाळ्यात फ्रेंच सेनापती लालीने बुसीला कर्नाटकात बोलावून घेतलं. जानेवारी १७६० मध्ये वांदिवाशच्या लढाईत तो इंग्रजांच्या हाती सापडला. पुढची वीसेक वर्षं फ्रान्समध्ये गडगंज श्रीमंतीत गेली. त्याच्याबरोबर लढलेल्या लालीला १७६६ मध्ये तिथल्या सरकारने देहदंड दिला. बुसी मार्क्विस म्हणून जगला. १७८३ मध्ये, थकल्या शरीराने, तो फौज घेऊन पुन्हा कडलूरला उतरला. काही महिन्यांत युरोपात तह झाल्याची बातमी आली. जानेवारी १७८५ मध्ये पुदुच्चेरीत त्याचा अंत झाला.

चरित्रकार हे सगळं रंगवून सांगतात. एकोणिसाव्या शतकात मॅलेसन या इंग्रज लष्करी लेखकाने त्याची मुक्त कंठाने वाखाणणी केली. पुदुच्चेरीचा गव्हर्नर राहिलेल्या मार्तिनोने त्याच्यावर जाडजूड ग्रंथ लिहिला. दोघांच्याही नजरेसमोर दरबार आहे. कोण कुणाला भेटलं, कुणी कुणाला फिरवलं, मूठभर माणसांनी केवढं राज्य हलवलं, याची ती हकीकत आहे. माझ्या मते बुसीच्या आयुष्यातला निर्णायक प्रसंग यात झाकला जातो. तो १७५३ चा आहे आणि तो हिशेबाचा आहे.

त्या वर्षी बुसी आजारी पडून मछलीपट्टणला गेला होता. दिवाण सय्यद लष्कर खानाला फ्रेंच नको होते. त्याने लढाई केली नाही. त्याने पगार थकवला, आणि पलटण तुकड्या-तुकड्यांनी वसुलीसाठी लांबलांबच्या गावी पाठवून विस्कळीत केली. उपाशी पलटण आपोआप विरघळेल, हा त्याचा अंदाज अगदी बरोबर होता. बुसी परतला, औरंगाबादेवर आला आणि खजिन्यातून येणाऱ्या पगारावर पुन्हा विसंबायचं नाही असं ठरवून त्याने मुस्तफानगर, एलुरु, राजमहेंद्री आणि चिकाकोल या चार सरकारांचा महसूल थेट फौजेच्या खर्चासाठी लिहून घेतला. आंध्रचा हा सुपीक किनारा. इथून पुढे पलटण निजामाच्या नावाने उभी, तिचा हुकूम फ्रेंचांचा, आणि तिच्या भाकरीसाठी चार सरकारांतली खेडी बांधलेली.

या कागदाचा अर्थ पुढच्या तीन-चार वर्षांत बोब्बिलीला दिसला. चिकाकोल-राजमहेंद्रीचा वसूल हातात यायचा तर तिथले जमीनदार वठणीवर आणायला हवेत, आणि विजयनगरमचा विजयराम राजू त्या कामात बुसीला उपयोगी होता. त्याचं बोब्बिलीच्या रंगारावाशी जुनं वैर. बुसीने विजयरामाची बाजू घेतली आणि २४ जानेवारी १७५७ रोजी बोब्बिलीच्या गढीवर तोफा लावल्या. मातीची गढी, चारी बाजूंना जंगल. आतल्या लोकांनी तट पडेपर्यंत लढा दिला. पाडाव अटळ दिसला तेव्हा आपली बायकामुलं शत्रूच्या हाती पडू नयेत म्हणून त्यांनी स्वतःच त्यांना मारलं आणि घरांना आगी लावल्या. फ्रेंच सैनिक आत शिरले तेव्हा त्यांना राख आणि प्रेतं सापडली. पुढे काहीच रात्रींनी तांड्र पापरायुडूने विजयरामाच्या डेऱ्यात शिरून त्याला ठार केलं आणि स्वतःही मेला. आंध्रात बोब्बिलीची कथा अजून गायली जाते. बुसीच्या चरित्रांत या प्रकरणाला जेमतेम काही पानं मिळतात, आणि त्यांतही बहुधा गढीवाल्यांच्या विलक्षण स्वाभिमानाचं कौतुक असतं. औरंगाबादेत सही झाली नसती तर बोब्बिलीपुढे तोफा लागल्या नसत्या, ही साखळी मात्र जोडून दाखवली जात नाही.

इथे एक आक्षेप येईल आणि तो वाजवी आहे. फौजेसाठी मुलूख तोडून देणं हे काय बुसीने आणलं? मोगलांची जहागीर होती, आपला सरंजाम होता. चौथाईचं काय? ज्या १७५१ मध्ये बुसी औरंगाबादेत शिरला, त्याच वर्षी रघूजी भोसल्यांनी अलीवर्दी खानाकडून ओडिशाचा महसूल आणि बंगालची बारा लाखांची चौथाई लिहून घेतली. मराठी फौजांनी बंगालच्या खेड्यांत काय केलं ते बंगाली आयांच्या अंगाईतसुद्धा उतरलं आहे. त्याच सुमारास याच रघूजींनी चांद्याच्या गोंड राजघराण्याचं राज्यही संपवलं. नीलकंठशहाला कैद झाली आणि वर्धेचा पूर्वकाठ नागपूरच्या अमलाखाली गेला. चांदा आणि बल्लारपूर ज्यांनी वसवलं, किल्ले आणि तलाव ज्यांनी बांधले, ते आपल्याच राजधानीत परके झाले. बुसीला जे माप लावायचं ते रघूजींनाही लावलं पाहिजे. ज्याला मराठेशाहीचा अभिमान आहे त्याने तर ते आधी लावलं पाहिजे, आणि मला तो अभिमान आहे.

पण माप सारखं असलं तरी वस्तू सारखी नाही. सरंजामदार त्याच राज्याचा चाकर असे. त्याची बायकामुलं, वतन, देव-धर्म सगळं इथेच. धनी बदलला की सरंजाम काढून घेता येई, आणि काढून घेतलेही जात. बुसीच्या करारात हुकूम सोडणारी कंपनी सहा महिन्यांच्या जलप्रवासापलीकडे होती आणि तिचा हिशेब दरमहा रोख पगाराचा होता. दरबारी फौजेचे पगार नेहमीच थकत. थकले की शिपाई धरणं धरत, सरदाराला कोंडत, शेवटी तडजोड होई. कंपनीच्या वहीत मात्र थकबाकी म्हणजे कर्ज. कर्जाला व्याज, व्याजापोटी तारण, तारणापोटी जिल्हा. बुसीच्या हातून हा शेवटचा टप्पा पुरा झाला नाही. त्यासाठी लागणारी सवड त्याला मिळालीच नाही.

इंग्रजांनी ती सवड मिळवली. १७५८-५९ मध्ये इंग्रज सेनापती फोर्डने फ्रेंचांना त्या किनाऱ्यावरून हुसकलं, एप्रिल १७५९ मध्ये मछलीपट्टण पडलं आणि १७६६ मध्ये, तोवर निजाम झालेल्या निजामअलीने हा किनारा, म्हणजे उत्तर सरकार, रीतसर इंग्रज कंपनीला देऊन टाकला. बदल्यात कंपनीने वार्षिक पेशकश कबूल केली. बुसीचा मुलूख आणि बुसीची रीत, दोन्ही एकदमच हस्तांतरित झाले. वेलस्लीने पुढे तिला जे रूप दिलं ते आपण शाळेत तैनाती फौज म्हणून शिकतो. निजामाने ती १७९८ मध्ये घेतली. १८०० मध्ये तिच्या खर्चापोटी बेल्लारी, अनंतपूर, कडप्पा हा सगळा पट्टा कायमचा दिला. १८०२ च्या अखेरीस वसईला दुसऱ्या बाजीरावाने तीच फौज पदरात घेतली, १८१६ मध्ये नागपूरच्या आप्पासाहेबांनी. बाजीरावाला आपण अजून दोष देतो. पण ज्या सापळ्यात तो अडकला त्याचा आराखडा अर्धशतक आधी औरंगाबादेत तयार झालेला होता, आणि तो आपल्या पूर्वजांच्या डोळ्यांदेखत तयार झाला होता.

पूर्वजांनी त्यातून काय घेतलं? बुसीच्या पदरी कवायत शिकलेला इब्राहिमखान गारदी त्यांनी घेतला. उदगीरला त्याच्या तोफांनी निजामाला टेकीस आणलं आणि साठ लाखांचा मुलूख मिळवून दिला. वर्षभराने पानिपतावर तो मराठ्यांसाठी लढला, आणि लढाईनंतर त्याची जी विटंबना झाली ती वाचवत नाही. गारद्यांची शिस्त आपल्या लोकांनी ओळखली, तिची किंमतही मोजली. त्या शिस्तीमागची खतावणी मात्र त्यांनी पाहिली नाही. साडेतीन शहाण्यांचं आपण कौतुक करतो. नागपूरकरांचे देवाजीपंत चोरघडे आणि निजामाचा दिवाण विठ्ठल सुंदर हे त्यांतले दोघे याच मुलखाच्या राजकारणात मुरलेले. फितवा, तह, साखळ्या जुळवणं यांत ते बुसीला हार जाणारे नव्हते. विठ्ठल सुंदर १७६३ मध्ये राक्षसभुवनच्या लढाईत पडला, देवाजीपंतांनी पुष्कळ काळ नागपूरची बाजू राखली. पण त्यांच्या शहाणपणाचं क्षेत्र माणसं होतं. माणूस मेला की त्याच्याशी केलेला डाव मोडतो. वहीतलं कर्ज माणसाबरोबर मरत नाही. हा फरक ओळखणारा एकही मुत्सद्दी त्या पिढीत दख्खनेत निघू नये, याची मला आजही हळहळ वाटते.

आता राजुरा. १८०० च्या तहाप्रमाणे निजामाने युद्धकाळात इंग्रजांना काही हजार स्वार आणि प्यादे पुरवायचे होते. फक्त युद्धकाळात. पण रेसिडेंट रसेलच्या काळात त्यातून इंग्रज अधिकाऱ्यांच्या हुकमतीखालची कायमची फौज उभी राहिली, तीच पुढे हैदराबाद कंटिन्जंट झाली. शांतता असो की लढाई, तिचा पगार निजामाने भरायचा. तो भरण्यासाठी पामर कंपनी नावाच्या पेढीकडून जबर व्याजाने कर्ज काढलं गेलं. ते इतकं फुगलं की १८२३ मध्ये कंपनी सरकारने एक कोटी सोळा लाखांवर रक्कम देऊन ते मिटवलं. ही रक्कम आली कुठून? उत्तर सरकारांबद्दल निजामाला दरसाल मिळणारी पेशकश कायमची बंद करून. बुसीने १७५३ मध्ये पलटणीच्या पगारासाठी लिहून घेतलेल्या त्याच सरकारांचा उरलासुरला हक्क सत्तर वर्षांनी दुसऱ्या पलटणीच्या पगाराच्या कर्जात बुडाला.

तेवढ्याने भागलं नाही. पगार थकतच राहिले, कर्ज पुन्हा चढलं, आणि मे १८५३ मध्ये वऱ्हाड, धाराशिव आणि रायचूर दोआब कंटिन्जंटच्या खर्चासाठी इंग्रजांच्या ताब्यात देण्याच्या तहावर निजाम नासिरउद्दौल्याने नाइलाजाने संमती दिली. दिवाण सिराजुल्मुल्क त्यानंतर काही दिवसांतच वारला आणि त्याचा पुतण्या सालारजंग दिवाण झाला. १८६० मध्ये धाराशिव आणि रायचूर परत मिळाले, पन्नास लाखांचं कर्जही माफ झालं. वऱ्हाड मिळालं नाही. सालारजंगाने त्यासाठी पुढे वर्षानुवर्षं खटपट केली, लंडनपर्यंत गेला, अपमान सोसले. १९०२ मध्ये कर्झनने दरसाल पंचवीस लाखांच्या बोलीवर वऱ्हाड कायमच्या पट्ट्याने घेतलं आणि लगेच मध्य प्रांताला जोडलं.

१८५३ च्या त्या वाटणीत वऱ्हाडची दक्षिण हद्द पैनगंगेवर ठरली. नदीच्या उत्तरेचा कापूस पिकवणारा काळ्या मातीचा पट्टा तारणात गेला. दक्षिणेचं माणिकगडाकडचं जंगल आणि विरळ वस्ती निजामाकडे राहिली. तारण ठेवताना सावकार सोनं घेतो आणि पितळ घरधन्याकडे ठेवतो, त्यातलाच हा प्रकार. अकबराच्या काळचं माणिकदुर्ग सरकार आपल्या सुभ्यापासून असं तुटलं. त्या दिवशी हैदराबादच्या रेसिडेन्सीत बसलेल्या कुणालाही राजुऱ्याचं नाव ठाऊक असण्याचं कारण नव्हतं.

परिणाम शंभर वर्षं टिकले. पैनगंगेपलीकडे अमेरिकेतल्या यादवी युद्धाच्या काळात कापसाला भाव चढला, आगगाडी आली, बाजारपेठा उभ्या राहिल्या, मराठी शाळा निघाल्या, पुढे वऱ्हाडाचे वकील आणि संपादक देशाच्या राजकारणात गेले. नदीच्या अलीकडे १८७२ मध्ये एदलाबाद, राजुरा, सिरपूर असे तीन तालुके मिळून सिरपूर-तांडूर हा उपजिल्हा केला गेला, १९०५ मध्ये त्याचा आदिलाबाद जिल्हा झाला. कचेरीचा कारभार उर्दूत. काझीपेठ-बल्लारशा रेल्वे १९२९ मध्ये पुरी झाली आणि दिल्ली-मद्रास गाड्या या तालुक्यातून धावू लागल्या, पण मामलेदाराच्या दारात अर्ज लिहायला मुन्शीच लागे. ज्या गोंडांनी हे रान पिढ्यान्‌पिढ्या राखलं त्यांच्याकडे जमिनीचा कागद नव्हता. कागद असलेले लोक बाहेरून आले, राखीव जंगलाच्या रेषा आखल्या गेल्या, आणि गोंड आपल्याच पाड्यावर अतिक्रमक ठरले.

१९४० मध्ये डोंगरापलीकडे जोडेघाटला कुमराम भीम आणि त्याचे साथीदार निजामाच्या पोलिसांच्या गोळीला बळी पडले. जिल्हा हाच, आदिलाबाद. त्यानंतर निजाम सरकारने क्रिस्टोफ फॉन फ्यूरर-हायमेनडॉर्फ या ऑस्ट्रियन मानववंशशास्त्रज्ञाला गोंडांच्या स्थितीचा अभ्यास करायला सांगितलं. हाही युरोपातल्या सरदार घराण्यातला, हाही निजामाच्या पदरी. तो मार्लवाईत झोपडी बांधून राहिला, गोंडी शिकला, गोंड मुलांसाठी शाळा आणि गोंड शिक्षक तयार करण्याची सोय सुरू केली, जमिनीचे पट्टे मिळावेत म्हणून सरकारला लिहीत राहिला. पुष्कळ पट्टे मिळालेही. तो सरकारी पगारी होता, हे मी विसरत नाही. गोळी चालवणाऱ्या सरकारला गोंड शांत हवे होते, हेही खरं. तरी दोन परदेशी सरदारांची तुलना मला टाळता येत नाही. एकाने सात वर्षं निजामाची मर्जी वाचली. दुसऱ्याने निजामाच्या सहीने ज्यांचं पोट मारलं जात होतं त्यांची भाषा शिकली, आणि मार्लवाईचे गोंड आजही त्याच्या समाधीवर फूल वाहतात.

१९४८ मध्ये १७ सप्टेंबरला निजामाची राजवट संपली. १९५५ मध्ये राज्य पुनर्रचना आयोगाचा अहवाल आला. फाजल अली, हृदयनाथ कुंझरू आणि के. एम. पणिक्कर हे तिघे सदस्य. पणिक्कर इतिहासकार आणि मुत्सद्दी, आधी चीनमधले आपले राजदूत, आणि आयोगाचं काम उरकल्यावर १९५६ मध्ये फ्रान्समध्ये भारताचे राजदूत. तोवर पुदुच्चेरीही फ्रेंचांच्या हातून निघाली होती. १९५४ च्या ऑक्टोबरात कीळूरला तिथल्या लोकप्रतिनिधींनी मतदान केलं, १७० बाजूने, ८ विरोधात. मे १९५६ मध्ये फ्रान्सतर्फे स्तानिस्लास ओस्त्रोरोग या राजदूताने हस्तांतराच्या करारावर सही केली. तोही उमराव घराण्यातलाच. पण या करारामागे निदान निवडून आलेल्यांचं मत नोंदलेलं होतं. भालकीत, औरंगाबादेत, १८५३ च्या हैदराबादेत तशी कल्पनाही कुणाच्या मनात आली नव्हती. मुत्सद्देगिरीत दोनशे वर्षांत काही सुधारलं असेल तर ते एवढंच, आणि मी त्याला कमी लेखत नाही.

१ नोव्हेंबर १९५६ ला हैदराबाद राज्याची वाटणी झाली आणि राजुरा मुंबई राज्यात आला. मात्र तो नांदेड जिल्ह्याला जोडला गेला, दोनशे किलोमीटरहून लांब. वर्धेपलीकडचा चांदा जवळ असताना जिल्ह्याच्या कामाला राजुऱ्याचा माणूस नांदेडला! ही चूक १९५९ मध्ये दुरुस्त झाली आणि तालुका चांद्याला मिळाला. दक्षिणेची हद्द मात्र अजून मिटलेली नाही. जिवतीच्या डोंगरावरच्या चौदा गावांवर महाराष्ट्र आणि तेलंगणा दोघेही हक्क सांगत आले. परमडोली, मुकदमगुडा, महाराजगुडा अशी ही गावं. तिथे दोन्ही राज्यांच्या शाळा आहेत, लोकांकडे दोन्हींची रेशनकार्डं आहेत, दोन्हीकडच्या निवडणुकांत मतदान झालेलं आहे. महाराजगुड्यात एका घराच्या चार खोल्या महाराष्ट्रात आणि चार तेलंगणात अशी विभागणी वर्तमानपत्रांत छापून आली, तेव्हा बाहेरच्या वाचकांनी ती गंमत म्हणून वाचली. वनजमिनीचा दावा कुठल्या तहसिलीत लावायचा, पट्टा कुणी द्यायचा, हे ज्याला ठाऊक नाही त्याच्यासाठी यात गंमत काही नाही. दोन राज्यांचं रेशन मिळूनही ज्या जमिनीवर तो उभा आहे तिचा कागद त्याला मिळत नाही.

बुसीची पत्रं जपली गेली, म्हणूनच मार्तिनोला ग्रंथ लिहिता आला. कोणत्या दिवशी तो कुणाला काय म्हणाला हे आज आपल्याला सांगता येतं. ज्या खेड्यांच्या वसुलावर हे राजकारण चाललं त्यांचे कागद कुठे आहेत? राजुऱ्यापुरतं सांगायचं तर निजामकाळचे जमिनीचे कागद, म्हणजे सेतवार, पहाणीपत्रकं, मुंतखब, यांतलं बरंचसं उर्दू-फारसीत आहे. काही तहसिलीत, काही आदिलाबादला, आणि संस्थानाचं मोठं दफ्तर हैदराबादेत तारनाक्याच्या राज्य अभिलेखागारात. आजोबाच्या नावाचा कागद हाती लागला तरी तो वाचून देणारा माणूस शोधत फिरणारे लोक या तालुक्यात आजही आहेत. १९५० च्या हैदराबाद कूळकायद्याखाली आजोबाला काय हक्क मिळाला होता, हे नातवाला कळत नाही, कारण लिपी परकी. विद्यापीठाने, जिल्हा प्रशासनाने आणि राज्याच्या पुराभिलेख खात्याने मिळून राजुरा, कोरपना, जिवतीच्या गावांचे हे कागद शोधावेत, त्यांच्या प्रती आणाव्यात, देवनागरीत उतरवाव्यात आणि गावच्या लोकांना पाहायला ठेवाव्यात. गोंडवाना विद्यापीठ गडचिरोलीत आहे, उर्दू वाचणारी म्हातारी माणसं राजुऱ्यात अजून हयात आहेत. सुरुवात जिवतीच्या त्या चौदा गावांपासून करावी. त्यांचे कागद सर्वांत आधी लागणार आहेत.